इंद्रसेनेचं आजोळ

महिन्यातल्या एका रविवारी मी पुस्तकांची एक पत्र्याची पेटी घेऊन कुऱ्ह्याकडच्या एका गावात जाते. समाजमंदिरात सतरंजी टाकायची, पेटी उघडायची, मुलं येतील त्यांना पुस्तकं द्यायची, मागच्या महिन्यातली परत घ्यायची आणि जाण्यापूर्वी एक गोष्ट सांगायची, असा शिरस्ता आहे. तिथून कौंडण्यपूर जवळ. त्यामुळे एकदा ठरवलं की आज गोष्ट तिथलीच सांगायची. रुक्मिणीची गोष्ट या भागातल्या मुलांना पाठ असते. अंबिकेच्या देवळातून कृष्णानं तिला नेलं, तिची पालखी दरवर्षी इथून पंढरपूरला जाते, हे त्यांनी आज्यांकडून ऐकलेलं असतं. म्हणून मी दमयंतीची गोष्ट निवडली. हंस, स्वयंवर, एकसारखे दिसणारे पाच नळ, पुष्करानं मांडलेला द्यूताचा डाव, गेलेलं राज्य, अरण्यात अर्धं वस्त्र फाडून निघून गेलेला नळ. मुलं कान देऊन ऐकत होती. मी नळाच्या मागे मागे अरण्यात निघाले, तेवढ्यात सहावीतल्या एका मुलानं मला थांबवलं.

"मॅडम, मंग त्याइची पोरं कुठी होती?"

मी म्हटलं, आईनं त्यांना आधीच आजोळी पाठवलं होतं, इथेच, कुंडिनपुरात. आणि परत नळाकडे वळले. तो मुलगा मान हलवून गप्प बसला. तो स्वतः मामाकडे राहतो. का राहतो, ते गावात सगळ्यांना माहीत आहे. वऱ्हाडात अशी मुलं बरीच आहेत. घराचं कर्ज, बापाचं न परतणं आणि आईचं पोरांना घेऊन माहेरी येणं, हा क्रम इथे कुणाला समजावून सांगावा लागत नाही.

घरी येताना एसटीत माझ्या लक्षात आलं, की गोष्टीतला सगळ्यांत महत्त्वाचा प्रश्न त्यानं विचारला होता आणि मी तो एका वाक्यात उडवून लावला होता. असं करणारी मी एकटीच नाही. मुलांसाठी लिहिल्या गेलेल्या मराठी अद्भुत साहित्यानं हेच वारंवार केलं आहे. या लेखात मला तेवढंच तपासून पाहायचं आहे.

दोन फळ्या

माझ्या पेटीत जादू आणि धोका वेगवेगळ्या पुस्तकांत राहतात, आणि हा काही माझ्या निवडीचा दोष नाही. मराठीत मुलांसाठी छापलेलं पुस्तक 1806पासूनचं आहे. तंजावरला सरफोजी राजांनी छापून घेतलेली 'बालबोध मुक्तावली' म्हणजे इसापच्या गोष्टीच. सुरुवातच तात्पर्यानं झाली. पुढे 1881मध्ये विनायक कोंडदेव ओकांनी 'बालबोध' मासिक काढलं, त्यातही मुलांना काय कळलं पाहिजे हा प्रश्न आधी होता. जादू आली ती मोठ्यांच्या दारानं. कृष्णशास्त्री चिपळूणकरांनी हाती घेतलेल्या अरबी भाषेतल्या सुरस आणि चमत्कारिक गोष्टी घराघरांतल्या मुलांनी वाचल्या, पण त्या मुलांसाठी नव्हत्या आणि त्यांत मुलंही जवळजवळ नव्हती. नाथमाधवांच्या 'वीरधवल'चंही तेच. नंतर 'चांदोबा' आला. माझ्या पिढीची जादूची भूक त्यानं भागवली. राक्षस, तळघरं, शापित राजकन्या, झाडाला लटकलेलं प्रेत आणि त्यातला वेताळ. तरी विक्रम हा प्रौढ राजा. वेताळाचा प्रश्न न्यायनिवाड्याचा. मूल गोष्टीच्या बाहेर, पानावर नाक ठेवून बसलेलं.

दुसरी फळी साहसाची. तिच्यावर भा. रा. भागवतांचं नाव पहिलं. फुरसुंगीचा बनेश फेणे सायकलवरून निघतो आणि कुठेतरी पाणी मुरतंय हे मोठ्यांच्या आधी त्याला कळतं. मुलाच्या हातात गोष्टीचं सुकाणू देणारा हा लेखक. त्याच्या जगात धोका खरा असतो, गुपितं असतात, पण जादू नसते. अद्भुत हवं असेल तेव्हा भागवत ज्यूल व्हर्नकडे गेले आणि त्यांनी ते विज्ञानाच्या वाटेनं आणलं. तेव्हा त्या काळातल्या सुशिक्षित लेखकाला ती वाट स्वच्छ वाटली असणार.

जादू आणि मूल यांना एका रंगमंचावर आणलं ते रत्नाकर मतकरींनी. 'अलबत्या गलबत्या'मधली चिंची चेटकीण अनेक पिढ्यांना आठवते. दिलीप प्रभावळकरांनी ती गाजवली, आणि अलीकडे ते नाटक पुन्हा उभं राहिलं तेव्हाही प्रेक्षागृहं भरली. पण नाटकाची भीती दोन तासांची आणि हशा पिकवणारी असते. कादंबरीत महिनाभर राहावं लागतं, अंथरुणात, दिवा मालवल्यावरसुद्धा. मूल स्वतः जादूच्या आत शिरलं आहे, त्याचं काहीतरी कायमचं हरवू शकतं, मोठी माणसं त्याच्यापासून काहीतरी लपवताहेत आणि ते शोधून काढल्याशिवाय सुटका नाही, अशी लांब पल्ल्याची कादंबरी मूळ मराठीत दुर्मिळ आहे. ती भूक आज भाषांतरं भागवतात. माझ्या पेटीतल्या 'हॅरी पॉटर आणि परीस'ची पाठीची शिवण उसवली आहे, मी ती दोनदा चिकटवली.

भीती कुणाची?

असं का झालं असावं? एक कारण नेहमी सांगितलं जातं, संस्कारांचा सोस. ते खरं आहे आणि त्यावर पुष्कळ लिहून झालं आहे. दुसरं कारण मला जास्त गंभीर वाटतं, कारण त्यामागे चांगली माणसं आहेत. ज्या समाजात करणी, भानामती, मूठ मारणं हे शब्द अजून माणसांचा जीव घेतात, तिथे मुलांच्या हाती जादूची पुस्तकं द्यायची का? हा प्रश्न वऱ्हाडात तरी हसण्यावारी नेता येत नाही. गाडगेबाबा याच जिल्ह्यातल्या शेणगावचे. कौंडण्यपूर ज्या तिवसा तालुक्यात आहे त्याच तालुक्यात मोझरीला तुकडोजी महाराजांचं गुरुकुंज आहे. दोघांनीही आयुष्यभर अंगारे-धुपारे आणि बुवाबाजी यांच्यावर आसूड ओढले. राज्याचा जादूटोणाविरोधी कायदा व्हायला 2013 साल उजाडावं लागलं, आणि त्यासाठी नरेंद्र दाभोलकरांचा जीव गेला.

मी स्वतः या प्रश्नाच्या चुकीच्या बाजूला उभी राहिलेली आहे. आमच्या गल्लीत एक म्हातारी एकटी राहायची. नवरा गेलेला, पोर नाही. तिच्या अंगणात बोरीचं झाड होतं. तिची नजर लागते असं बायका म्हणायच्या. एकदा शाळेतून येताना तिनं मला हाक मारली. "ये वं पोरी, बोरं घेऊन जाय." मी ओंजळ पुढे केली, बोरं घेतली, वळणापर्यंत चालत गेले आणि नालीत फेकून दिली. त्याच आठवड्यात मी एक परीकथा वाचली होती, तिच्यात चेटकीण राजकन्येला फळ देते. मी वळून पाहिलं तर म्हातारी दारातच उभी होती. तिनं पाहिलं होतं. ती काही बोलली नाही, पण पुन्हा मला कधी हाक मारली नाही. मी तेव्हा नऊ वर्षांची होते.

म्हणजे आक्षेप खरा ठरला? मला बरीच वर्षं तसं वाटत होतं. आता वाटतं, दोष त्या गोष्टीतल्या जादूचा नव्हता. जादू कुणाच्या हाती दिली आहे, याचा होता. एकटी, म्हातारी, कुरूप बाई दिसली की ती दुष्ट, हे समीकरण त्या परीकथेत होतं आणि आमच्या गल्लीतही होतं, आणि दोघांनी एकमेकांना दुजोरा दिला. रोलिंगबाईंच्या कादंबऱ्यांबद्दल कुणी काहीही म्हणो, एक गोष्ट त्यांनी केली. इंग्रजीत ज्या शब्दाखाली शेकडो बायका मारल्या गेल्या, तो शब्द त्यांनी अभ्यासू, हट्टी, पुढचे दात मोठे असलेल्या एका मुलीला सहज लावला. हर्मायनी वर्गात हात वर करते तेव्हा त्या शब्दातलं विष उतरत जातं. आपल्याकडे 'चेटकीण' या शब्दाचं विष उतरवणारी मुलगी अजून कुणी लिहिलेली नाही. जादू टाळून ते काम होणार नाही.

आणि दुसरं असं, की बुवा आणि कादंबरीकार हे एकाच धंद्यातले नाहीत. बुवा म्हणतो, हे खरं आहे, दक्षिणा ठेव. कादंबरी पहिल्या पानावर सांगते की हे खोटं आहे, आता बघू पुढे काय होतं. ज्या मुलाला दुसऱ्या खेळाचे नियम नीट कळतात, ते पहिल्या खेळात सहजी फसत नाही. यासाठी पुरावा शोधायला मला विलायतेला जायची गरज पडली नाही. तो कुंडिनपुरातच सापडला.

दमयंतीचा प्रयोग

पुरातत्त्वाचं कौंडण्यपूर वेगळं आणि कथेतलं कुंडिनपूर वेगळं, हे आधी मान्य करू. साठच्या दशकात मो. गं. दीक्षितांनी इथल्या टेकाडांत उत्खनन केलं, त्यातून प्राचीन वस्ती उजेडात आली. दमयंती त्यातून निघाली नाही, निघणारही नव्हती. पण वर्धेच्या काठी उभं राहून पलीकडचा जिल्हा बघताना हे नाव हजारो वर्षं गोष्टींना चिकटून राहिलंय, एवढं पुरेसं आहे. अगस्त्याची लोपामुद्रा विदर्भाची. कालिदासाच्या 'रघुवंशा'तली इंदुमती विदर्भाची. तिच्या स्वयंवराला येणाऱ्या अजाला वाटेत नर्मदेकाठी एक रानहत्ती आडवा येतो, तो खरा शापित गंधर्व असतो आणि जाताना अजाला संमोहन अस्त्र देऊन जातो. मुलांच्या कादंबरीचं पहिलं प्रकरण याहून चांगलं काय असू शकतं!

तरी सगळ्यांत पक्की बांधणी नळाख्यानाची आहे. वनपर्वात बृहदश्व ऋषी ते युधिष्ठिराला सांगतो, म्हणजे एका जुगाऱ्याची गोष्ट दुसऱ्या जुगाऱ्याला. हंस आणि स्वयंवर सगळ्यांना माहीत असतं. रघुनाथ पंडितांच्या आख्यानामुळे मराठीत हंस तर घरचाच झाला. मी लहानपणी वाचलेल्या पुस्तकांत गोष्ट तिथेच फुलायची आणि पुढचं अरण्य दोन पानांत आटपायचं. खरं तर अद्भुताचं सगळं यंत्र पुढच्या भागात आहे.

त्या यंत्राला नियम आहेत. कली नळाच्या शरीरात शिरायला बारा वर्षं थांबतो, कारण दार उघडं मिळाल्याशिवाय त्याला शिरता येत नाही. नळ एकदा लघवी करून पाय न धुता संध्येला बसतो आणि ते दार उघडतं. (इथे सतरंजीवरची सगळी मुलं हसली आणि मग आपापल्या पायांकडे बघायला लागली.) वणव्यातून वाचवलेला कर्कोटक नाग नळालाच डसतो, त्यानं नळ कुरूप आणि आखूड बाहूंचा होतो. पण ते विष नळाला जाळत नाही, आत बसलेल्या कलीला जाळतं. वेषांतर हेच औषध. पुढे अयोध्येच्या ऋतुपर्णाचा सारथी बाहुक म्हणून तो रथ हाकत असताना राजा धावत्या रथातून एका बेहड्याच्या झाडाची पानं आणि फळं मोजून दाखवतो. बाहुकाचा विश्वास बसत नाही. तो रथ थांबवतो, झाड तोडतो आणि मोजतो. आकडा बरोबर येतो. मग दोघं विद्येची अदलाबदल करतात, फाशांची विद्या नळाला आणि घोड्यांची राजाला. ती विद्या मिळताच कली शरीराबाहेर पडतो. जादू इथे वरदान म्हणून पदरात पडत नाही. ती शिकावी लागते, पडताळावी लागते, बदल्यात काहीतरी द्यावं लागतं. उर्सुला ल गिननं 1968मध्ये अर्थसीच्या पहिल्या कादंबरीत जादूला किंमत आणि समतोल असतो असं मांडलं, तेव्हा ते इंग्रजी वाचकांना फार नवं वाटलं.

आणि आता दमयंती. बापाच्या घरी परतलेली, नवरा जिवंत आहे की नाही हे माहीत नसलेली. ऋतुपर्णाबरोबर आलेला हा ठेंगणा सारथी नळ असेल का? ती ना देवाला कौल लावते, ना ज्योतिष्याला विचारते. ती केशिनी नावाच्या दासीला पाळतीवर ठेवते आणि सांगते, त्यानं मागितलं तरी त्याला विस्तव देऊ नकोस, पाणीही देऊ नकोस, आणि मग काय होतं ते बघ. केशिनी येऊन सांगते, बुटक्या दारातून जाताना तो वाकत नाही, दारच उंच होतं. रिकाम्या घागरींकडे तो बघतो आणि त्या भरतात. हातात चुरगाळलेली फुलं आणखी टवटवीत होतात. दमयंतीला हे पुरत नाही. ती त्यानं रांधलेलं मागवून चाखून बघते. तरीही खात्री करायला ती तिसरी परीक्षा ठरवते.

चमत्कार बघून हात जोडण्याऐवजी तीन वेगवेगळ्या बाजूंनी पडताळणी करणारी ही बाई आहे. अंधश्रद्धेची भीती वाटणाऱ्यांनी मुलांना हा भाग आधी वाचून दाखवावा.

तिसरी परीक्षा

तिसरी परीक्षा म्हणजे मुलं. दमयंती इंद्रसेन आणि इंद्रसेना या आपल्या लेकरांना केशिनीबरोबर बाहुकाकडे पाठवते. बाहुक त्यांना मिठीत घेतो आणि मोठ्यानं रडतो. मग भानावर येऊन केशिनीला म्हणतो, ही माझ्या लेकरांसारखी दिसतात म्हणून रडू आलं. तू अशी वरचेवर येऊ नकोस, लोक संशय घेतील.

मुलांनी काय केलं? महाभारत सांगत नाही. ती आणली जातात आणि मग नेली जातात. सहावीतल्या त्या मुलाचा प्रश्न इथे येऊन भिडतो.

मी आता गोष्ट उलटी धरून बघते. डावाचा रंग बघून आई एका रात्री मुलांना वार्ष्णेय सारथ्याच्या रथात बसवते. मुलं आजोळी पोचतात. सारथी रथ-घोडे तिथेच ठेवतो आणि निघून जातो. आजोबा राजे आहेत, खायला-प्यायला कमी नाही, पण आईबाप कुठे आहेत हे कुणी सांगत नाही, आणि आपण खोलीत शिरलो की मोठी माणसं बोलायची थांबतात. पुढे कधीतरी आई परत येते. चेदीच्या राजवाड्यात दासीसारखी राहत होती, भुवयांमधल्या जन्मखुणेवरून एका ब्राह्मणानं ओळखली, धुळीखाली झाकली गेली होती ती खूण. कपाळावरच्या खुणेनं ओळख पटणारं माणूस आणि मावशीच्या घरी लपून काढलेले दिवस, हे मुलांना दुसरीकडून चांगलंच ओळखीचं आहे. पण आईबरोबर बाबा नाहीत. आणि एक दिवस तबेल्यापाशी एक कुरूप, आखूड हातांचा माणूस येतो, ज्याच्या मुठीत फुलं सुकत नाहीत.

ही आहे ती कादंबरी. जादू, धोका, दडवलेलं गुपित, सगळं आहे, आणि ते सगळं इंद्रसेनेच्या उंचीवरून दिसतं. तिच्यासाठी विलायती वसतिगृहाची गरज नाही. आपल्या मुलांना मोठ्यांचं गुपित पहिल्यांदा कळतं ते आजोळी, माळवदावर, सगळे झोपलेत असं समजून आज्या बोलत असतात तेव्हा.

पुराणकथा हाती घेतलेल्या लेखकाला यात एक मोठा खड्डा आहे, तोही सांगायला हवा. गौरवगाथेचा. आपल्याकडे सगळं आधीच होतं, अशा आवेशात लिहिलेलं पुस्तक इंद्रसेनेला पुन्हा एकदा गप्प करील. कारण ती जे गुपित शोधते आहे ते अभिमानाचं नाही. हॅरीचे आईबाप त्याला वाचवताना मेले, त्याच्या दुःखात लाज नाही. इंद्रसेनेचा बाप सगळं घर जुगारात हरला आणि झोपलेल्या बायकोला अरण्यात टाकून गेला. कली शिरला होता, हे खरं. पण तो शिरला असताना पळून जाणारे पाय कुणाचे होते? या प्रश्नाला मुलांच्या कादंबरीनं कली हे सोपं उत्तर देऊ नये, आणि बाप वाईट होता हेही देऊ नये. माणसाच्या आत काहीतरी शिरतं, ते त्याचं नसतं, तरी त्यानं केलेलं मात्र त्याचंच असतं, हे समजायला दहा-बारा वर्षांच्या मुलाला अद्भुताइतकं चांगलं साधन नाही. सरळ वास्तववादी गोष्टीत ते सांगायला गेलं की एक तर बापाचा निवाडा होतो नाहीतर समुपदेशन. नागाच्या विषात आणि बेहड्याच्या झाडात ते सांगता येतं, आणि ऐकणाऱ्याला वाटलं तर ते स्वतःचं म्हणून घेता येतं, नाही वाटलं तर नुसती गोष्ट म्हणून सोडून देता येतं. ही मुभा महत्त्वाची आहे. मामाकडे राहणाऱ्या मुलाला त्याच्या बापाबद्दल कुणी थेट विचारलेलं चालत नाही, मी बघितलं आहे.

पुढच्या महिन्यात मी गोष्ट तिथूनच परत सुरू केली, या वेळी आजोळातून. दमयंतीचे तिन्ही प्रयोग सांगितले, मुलांना पाठवलं, बाहुक रडला. म्हटलं, पुढे मुलांनी काय केलं ते गोष्टीत नाही. थोडा वेळ कुणी बोललं नाही. मग तोच मुलगा म्हणाला,

"असं कसं? रडला तं पोराइनं वळखलंच असन न."

त्याच्या शेजारची मुलगी म्हणाली, वळखलं असेल, पण बोलली नसतील. तो म्हणाला, काऊन बोलली नसतील? दोघांचं त्यावरून चांगलंच वाजलं. पेटी बंद करायची वेळ झाली तरी मिटलं नव्हतं. तो जाताना म्हणाला, "मॅडम, याचं पुस्तक आना न पुढच्या टायमाले."

मी हो म्हटलं. ते पुस्तक अजून कुणी लिहिलेलं नाही, हे त्याला सांगायचं मला सुचलं नाही.